साखळीचा आवाज आणि पुराव्याचा प्रश्न

मोटारीच्या इंजिनाचा सारा कारभार दोन दांड्यांच्या परस्परमेळावर चालतो. खालची क्रँकशाफ्ट पिस्टनांच्या वरखाली होण्याचे रूपांतर फिरण्यात करते, आणि वरची कॅमशाफ्ट हवा आत घेणारे व धूर बाहेर सोडणारे व्हॉल्व्ह ठरल्या क्षणी उघडते आणि ठरल्या क्षणी मिटू देते. चार स्ट्रोकांच्या इंजिनात क्रँकचे दोन फेरे होतात तेव्हा कॅमचा एक फेरा व्हावा लागतो. हे प्रमाण इंजिन चालते आहे तोवर ढळू न देण्याची जबाबदारी पुष्कळ गाड्यांत टायमिंग चेनकडे असते. आजच्या बहुतेक डिझेल इंजिनांत, आणि अनेक पेट्रोल इंजिनांतही, पिस्टन आणि उघडा व्हॉल्व्ह सिलिंडरातील एकच जागा निरनिराळ्या क्षणी वापरतात; तो मेळ चुकला तर दोघे एकाच क्षणी तेथे हजर होतात आणि त्यानंतर जे होते त्याची दुरुस्ती साखळीच्या किमतीत होत नाही. म्हणून ही साखळी झिजली हे ओळखावे कसे, आणि ओळखल्यावर करावे काय, हा प्रश्न गाडीचा उपयोग रोज करणाऱ्या प्रत्येकाच्या हिताचा आहे.

या प्रश्नावर कोल्हापूरच्या शिवाजी उद्यमनगरातील एका जुन्या गॅरेजमध्ये दोन अनुभवी माणसांचा जो वाद माझ्या देखत झाला, तो मी येथे शक्य तितक्या त्यांच्याच शब्दांत देत आहे. एक कोषागाराच्या कचेरीत आयुष्य घालवून शिरस्तेदार म्हणून निवृत्त झालेले, ज्यांना सारे रावसाहेब म्हणतात. दुसरे गॅरेजचे मालक, ज्यांचा हात प्रथम प्रीमियर पद्मिनी आणि अँबॅसडर यांवर बसला आणि ज्यांना मिस्त्री याखेरीज कोणी हाक मारलेली मी ऐकली नाही. गाडी रावसाहेबांची, छोटी, डिझेलची, नव्वद हजार किलोमीटर चाललेली.

रावसाहेब : मिस्त्री, साखळी गेली असे तुम्ही आवाजावरून सांगता. सकाळी पहिला सेल्फ मारला की पुढून दोन सेकंद खडखड होते, ही गोष्ट मला मान्य आहे. पण ती दोनच सेकंद होते, आणि पुढे दिवसभर गाडीची काही तक्रार नसते. कंपनीच्या पुस्तकात ऑइल कधी बदलावे, फिल्टर कधी बदलावा, यांची कलमे आहेत. साखळी बदलण्याचे कलम मी दोनदा शोधले, ते नाही. माझ्याकडे पूर्वी मारुती ८०० होती. तिला रबरी पट्टा होता आणि तो ठराविक मुदतीत बदलावा लागे. साखळी ही पोलादाची, तिला मुदत नाही, असे तेव्हा विकणारेच सांगत. मग दोन सेकंदांच्या ऐकीव पुराव्यावर इंजिन उघडण्याचा हुकूम मी कोणत्या आधारावर द्यावा?

मिस्त्री : मला तर त्या दोन सेकंदांचाच आधार वाटतो, रावसाहेब. साखळीच्या सैल बाजूवर एक टेन्शनर बसवलेला असतो. त्याचा दट्ट्या इंजिनातल्या ऑइलच्या दाबाने बाहेर येतो आणि साखळीला टेकलेल्या पट्टीला, म्हणजे गाईडला, रेटून साखळी ताठ ठेवतो. गाडी रात्रभर उभी राहिली की टेन्शनरमधले ऑइल निथळते. सकाळी इंजिन फिरू लागते, पण ऑइलपंपाचा दाब वरपर्यंत पोहोचायला क्षणभर वेळ लागतो, आणि तेवढा वेळ साखळीला आवरणारे कोणी नसते. साखळी नवी असेल तर तेवढ्या सवलतीतही ती जागच्या जागी राहते, कारण सैल पडायला तिच्याकडे लांबीच नसते. लांबी वाढलेली असेल तर ती गाईडवर आणि कव्हरवर आपटते. दाब आला की दट्ट्या ती लांबी पोटात घेतो आणि आवाज थांबतो. तेव्हा आवाज थांबला म्हणून झीज थांबली असे होत नाही.

रावसाहेब : तुमच्या बोलण्यातूनच माझी हरकत निघते. टेन्शनरमधले ऑइल निथळले म्हणून आवाज झाला, असे तुम्ही म्हणता. मग दोष ऑइलचा का नसावा? ऑइलची पातळी खाली गेली असेल, ऑइल चुकीच्या दर्जाचे भरले असेल, फिल्टरमधला ऑइल मागे फिरू न देणारा व्हॉल्व्ह कडक होऊन गळत असेल, किंवा टेन्शनर एकटाच निकामी झाला असेल. तक्रार एक आणि संशयित चार असताना तुम्ही पाचव्यालाच दोषी ठरवता, आणि त्याच्यासाठी सर्वांत महागडी तपासणी मागता.

ही हरकत मला वजनदार वाटली आणि अजूनही वाटते. गार इंजिनाचा क्षणिक खडखडाट हा साखळीच्या झिजेचा सर्वांत पहिला आणि सर्वांत प्रसिद्ध इशारा खरा, परंतु तो एकट्या साखळीचा नव्हे. आणि केवळ त्याच्या बळावर साखळ्या बदलणारी गॅरेजे जशी आहेत, तसेच केवळ तो क्षणिक आहे या बळावर त्याच्याकडे पाठ फिरवणारे मालकही आहेत. मिस्त्रींनी हरकत झिडकारली नाही. त्यांनी ऑइलची पट्टी काढली, पुसली, पुन्हा घातली आणि रावसाहेबांसमोर धरली. ऑइल खालच्या खुणेच्याही किंचित खाली होते, आणि काजळीने इतके दाट झालेले, की पट्टीवरची खूण त्यातून दिसत नव्हती.

मिस्त्री : हा तुमच्या बाजूचा पुरावा, मी नाकारत नाही. आज ऑइल आणि फिल्टर बदलू, पुस्तकात लिहिलेल्या दर्जाचेच भरू, आणि आठ दिवस सकाळचा आवाज ऐका. पण हाच पुरावा माझ्याही बाजूचा आहे, हे ध्यानात ठेवा. ज्या ऑइलमुळे आवाज झाला असे तुम्ही म्हणता, त्याच ऑइलमध्ये साखळी हजारो किलोमीटर फिरली आहे.

रावसाहेब : पण पोलादाची साखळी लांबते कशी, हे मला कधी समजले नाही. असल्या छोट्या गाडीचे इंजिन पोलाद ओढून ताणील इतका जोर लावते, हे बुद्धीला पटत नाही.

मिस्त्री : पोलाद ताणले जात नाहीच. साखळीच्या प्रत्येक सांध्यात एक पिन असते आणि ती एका बुशमध्ये फिरते. साखळी दातेरी चाकावर चढताना प्रत्येक सांधा वाकतो, उतरताना सरळ होतो. प्रत्येक वाकण्यात पिन बुशमध्ये घासते. दोघांच्या मध्ये ऑइलचा पडदा असला तर घासणे नावापुरतेच. त्या पडद्यात काजळीचे कण असले तर ते कण पोलाद खरवडतात. एका सांध्यात दोन शतांश मिलिमीटर झीज झाली तर ती डोळ्याला दिसणार नाही, बोटाला लागणार नाही. पण सांधे किती आहेत ते मोजा.

येथे रावसाहेबांच्या जुन्या पेशाला विषय सापडला. त्यांनी कागद मागवला आणि मिस्त्रींकडून आकडे घेत रुजुवात मांडली. समजा, साखळीला १५० सांधे आहेत आणि दोन सांध्यांमधले अंतर ८ मिलिमीटर आहे. म्हणजे साखळी १२०० मिलिमीटरची. प्रत्येक सांध्यात ०.०२ मिलिमीटर झीज धरली तर एकूण ३ मिलिमीटर लांबी वाढली. कॅमच्या चाकाला ३६ दात आणि क्रँकच्या चाकाला १८. साखळीची ताणलेली बाजू एकूण लांबीच्या तिसऱ्या हिश्शाएवढी असेल तर तिच्या वाट्याला १ मिलिमीटर आला, आणि कॅम तितका मागे राहिला. २८८ मिलिमीटरच्या परिघावर १ मिलिमीटर म्हणजे सव्वा अंश, क्रँकच्या हिशेबाने अडीच अंश. मग त्यांनी सांधे वाकतात किती वेळा याचा हिशेब धरला: ताशी ३० किलोमीटरच्या सरासरीने लाख किलोमीटर म्हणजे ३३०० तासांहून अधिक, मिनिटाला सरासरी २००० फेरे धरले तर क्रँकचे ४० कोटी फेरे, आणि प्रत्येक सांध्याच्या वाट्याला सुमारे १९ कोटी वेळा वाकणे व सरळ होणे. कागदावर हा आकडा उतरला तेव्हा रावसाहेब बराच वेळ काही बोलले नाहीत.

रावसाहेब : इतक्या वेळा वाकूनही ती टिकते, हेच मुळात नवल आहे. पण मग माझे म्हणणे अधिकच बळकट होते, मिस्त्री. जी झीज अंशांत मोजता येते ती कानाने का ठरवावी? गाडीत संगणक आहे. क्रँकवर एक सेन्सर आहे, कॅमवर दुसरा. दोघांच्या खुणांत अंतर पडले तर त्याची नोंद व्हायला हवी.

मिस्त्री : होते. क्रँक आणि कॅम यांचा मेळ नाही, अशी नोंद स्कॅनरवर पी ००१६ या क्रमांकाने येते, आणि बोर्डावर इंजिनाचा दिवा लागतो. मी स्कॅनर लावतोच. पण त्याच्या मौनाला मी निर्दोषतेचा दाखला मानत नाही. कंपनीने जी मर्यादा घालून दिलेली असते ती ओलांडल्याशिवाय तो नोंद करत नाही. तुमच्या कागदावरचे अडीच अंश त्याने कदाचित निमूटपणे सोडून दिले असतील. ज्या पेट्रोल गाड्यांत कॅम चालता चालता पुढेमागे करण्याची व्यवस्था असते, तेथे तर संगणक थोडीशी झीज स्वतःच भरून काढतो आणि मालकाला पत्ता लागू देत नाही. अशा गाडीत कॅमच्या त्या यंत्रणेचाही गार आवाज येतो, म्हणून तेथे माझा कानसुद्धा फसू शकतो. कान आधी बोलतो, स्कॅनर मागाहून बोलतो. पण दोघांनी एकच सांगितले तर मला तिसरा साक्षीदार लागत नाही.

रावसाहेब : मला लागतो.

मिस्त्री : तोही आहे. टेन्शनर बाहेरून काढता येतो अशा इंजिनांत, किंवा कव्हरला त्यासाठी भोक ठेवलेले असते तेथे, दट्ट्या किती बाहेर आला आहे हे मोजता येते. साखळी जितकी लांबली तितका तो अधिक बाहेर. कंपनीने मर्यादा दिलेली असते. हा पुरावा लेखी आहे असे समजा.

मिस्त्रींचे आणि रावसाहेबांचे मत वेगळे राहिले तरी तपासणीचा क्रम दोघांनी मिळून ठरवला, आणि तो क्रम मला इतका योग्य वाटतो की माझ्या कोणत्याही परिचिताला मी तोच सांगेन. आधी ऑइलची पातळी, दर्जा व फिल्टर. मग काही सकाळी गार इंजिनाचा आवाज, आणि तो बोनेट उघडून, कारण केबिनमध्ये बसून ऐकलेला आवाज पुढचा की वरचा हे सांगता येत नाही. मग गरम इंजिनाला २००० फेऱ्यांपर्यंत रेस देऊन एकदम सोडणे, कारण रेस सुटताना साखळीवरचा ताण क्षणभर ढिला होतो आणि झिजलेली साखळी तेथे बोलते. मग लांब पेचकसाचे टोक पुढच्या कव्हरवर आणि मूठ कानाच्या हाडावर. आवाज वरच्या झाकणाशी मोठा असेल तर टॅपेटचा संशय, पुढच्या कव्हरशी मोठा असेल तर साखळीचा. त्यानंतर स्कॅनर, आणि शेवटी टेन्शनरचे माप. आवाज गरम इंजिनातही थांबत नसेल, किंवा काढलेल्या ऑइलमध्ये गाईडच्या प्लास्टिकचे तुकडे दिसले, तर मात्र क्रमाची वाट पाहू नये. गाडी तेथेच बंद करावी.

नव्या ऑइलने आवाज कमी झाला, थांबला नाही. रेस सोडताना तो ऐकू आला. स्कॅनरवर नोंद नव्हती. टेन्शनरचा दट्ट्या मर्यादेबाहेर होता. वादाचे दुसरे प्रकरण येथे सुरू झाले.

रावसाहेब : पुरावा मी मान्य करतो. पण आता मुदत मागतो. संगणकाची मर्यादा अजून ओलांडलेली नाही. दिवाळीपर्यंत गाडी सावकाश चालवावी आणि काम मग करावे, यात धोका कोणता?

मिस्त्री : सावकाश चालवण्याने धोका टळत नाही, कारण साखळी दात सोडते ती बहुधा वेगात नव्हे, सुरू होताना आणि बंद असताना. मागच्या महिन्यात आपण पन्हाळ्याला गेलात, तेथे उतारावर गाडी गिअरमध्ये उभी केलीत, असे आपणच सांगितलेत. गिअरमध्ये उभी असलेली गाडी उतारावर रेलते तेव्हा ती इंजिन फिरवू पाहते. कित्येकदा उलट फिरवू पाहते. उलट फिरताना साखळीची सैल बाजू आणि ताठ बाजू यांची अदलाबदल होते, आणि टेन्शनरमध्ये ऑइलचा दाब शून्य असतो. झिजलेली साखळी अशा वेळी एक दात ओलांडते. आपल्याच कागदावर पाहा: एक दात म्हणजे कॅमचे १० अंश, क्रँकचे २०. सकाळी आपण सेल्फ मारणार, आणि पिस्टन व्हॉल्व्हला भिडणार. धक्का मारून सुरू केलेल्या गाडीचेही तेच. कामाला लगेच हात घालता येत नसेल तर एवढे तरी करा: उतारावर हँडब्रेक ओढून चाकाला दगड लावा, आणि धक्का कदापि मारू देऊ नका.

रावसाहेबांनी मुदतीचा अर्ज मागे घेतला, परंतु खर्चाची छाननी सोडली नाही. साखळी आणि टेन्शनर बदलावे, गाईड व दातेरी चाके डोळ्यांना धड दिसली तर ठेवावी, असे त्यांचे म्हणणे. पूर्ण संच बदलावा, असे मिस्त्रींचे. मिस्त्रींनी त्यावर युक्तिवाद केला नाही. काढलेली साखळी त्यांनी एका टोकाला आडवी धरली, म्हणजे तिच्या कड्यांची सपाट बाजू वर व खाली राहील अशी, आणि शेजारी नवी साखळी तशीच धरली. नवी जवळजवळ सरळ राहिली. जुनी वितभर अंतरातच बाजूला झुकून कमानीसारखी लोंबली. एका सांध्यात जो सैलपणा बोटाला कळत नव्हता, तो शंभर सांध्यांनी मिळून डोळ्यांसमोर उभा केला. मग त्यांनी जुने गाईड उलटे केले: तपकिरी पडलेल्या प्लास्टिकवर साखळीने दोन समांतर खाचा पाडल्या होत्या आणि एका टोकाशी केसाएवढा तडा होता.

माझे मत येथे निःसंशय मिस्त्रींच्या बाजूचे आहे. साखळीसोबत झिजलेली चाके तिच्या वाढलेल्या अंतराशी जुळवून घेऊन झिजलेली असतात. त्यांच्यावर नवी साखळी चढवणे म्हणजे तिची झीज पहिल्या दिवसापासून सुरू करणे होय. शिवाय या कामात मजुरीचा हिस्सा मोठा असतो. पद्मिनीच्या इंजिनात कॅम खाली ब्लॉकमध्येच असल्याने साखळी आखूड होती आणि पुढचे कव्हर काढले की हाताशी येत असे. बीएमडब्ल्यूच्या एन-४७ या डिझेल इंजिनात साखळी मागे, गिअरबॉक्सच्या अंगाला आहे, आणि तिच्यापर्यंत पोहोचणे हेच मोठे काम होऊन बसते. एकदा उघडलेले कव्हर एका गाईडसाठी दुसऱ्यांदा उघडणे ही काटकसर नव्हे.

बसवण्याच्या कामात मिस्त्री एका गोष्टीवर फार कडक होते. क्रँक आणि कॅम जागच्या जागी अडकवून ठेवण्यासाठी ज्या पिना मिळतात, त्या खुणा जुळवण्यापुरत्याच आहेत. पुढच्या पुलीचा घट्ट बोल्ट सोडताना त्यांच्यावर भार टाकला तर पिना मोडतात किंवा कॅम दुखावतो, म्हणून बोल्ट सोडायला वेगळे साधन घ्यावे. काही इंजिनांत हा बोल्ट उलट्या आट्याचा असतो, आणि काहींत क्रँकच्या चाकाला चावीच नसते, चाक केवळ त्या बोल्टच्या दाबावर जागी राहते. तेथे जुना बोल्ट पुन्हा वापरणे आणि टॉर्कपान्याशिवाय कसणे हा अपराध आहे, असे ते म्हणाले. सारे बसल्यावर टेन्शनरची अडकवणी काढून त्यांनी क्रँक पान्याने हळूहळू, सरळ दिशेने, पूर्ण दोन फेरे फिरवली आणि खुणा पुन्हा पाहिल्या. कोठेही अडल्यासारखे वाटले तर जोर न लावता थांबायचे, कारण हाताला लागलेली अडचण दुरुस्त होते, सेल्फला लागलेली होत नाही.

रावसाहेब : आता शेवटचा मुद्दा माझा. पुस्तकात ऑइल १०,००० किलोमीटरला किंवा वर्षाला बदलावे असे आहे, आणि मी ते कलम पाळले. तरी नव्वद हजारांत साखळी गेली. मग चूक पुस्तकाची की माझी?

मिस्त्री : किलोमीटरच्या भरवशावर राहण्याची. आपली गाडी दसरा चौक ते राजारामपुरी, राजारामपुरी ते बाजार, अशीच चालते. मी असल्या गाड्यांना पाच हजारांना ऑइल बदला असे सांगतो.

रावसाहेब : पाच हजार हा तुमचा अंदाज झाला, मी हिशेब करतो. गावातल्या गर्दीत ताशी १८ किलोमीटरची सरासरी धरली तर १०,००० किलोमीटरला सुमारे ५५५ तास इंजिन चालले. पुणे-बंगळूर हमरस्त्यावर ताशी ६० ने चालणाऱ्या गाडीने तेच अंतर १६७ तासांत काटले. साखळी तास मोजते, रस्ता मोजत नाही. शिवाय थोड्या थोड्या अंतराच्या फेऱ्यांत इंजिन पुरते तापत नाही आणि ऑइलमध्ये डिझेल मिसळते, ते वेगळेच. तेव्हा तुमचे पाच हजारसुद्धा माझ्या गाडीला २७८ तास होतात. हमरस्त्यावरच्या गाडीपेक्षा शंभरावर तास जास्तच. मर्यादा तासांत असायला हवी.

मिस्त्री : हिशेब बरोबर आहे, रावसाहेब, पण गॅरेजात तो चालणार नाही. गाडीच्या बोर्डावर किलोमीटर दिसतात, तास दिसत नाहीत. आणि मी गिऱ्हाइकाला तास लिहून ठेवा म्हटले तर दहांतले नऊ लिहिणार नाहीत. त्यांना पाच हजारच सांगावे लागेल.

रावसाहेब : त्यांना पाच हजार सांगा. माझ्या गाडीच्या वहीत मी तासांचा रकाना पाडतो, आणि अडीचशे तास झाले की ऑइल बदलायला येतो, किलोमीटर कितीही झालेले असोत. तुम्ही मात्र आज काढलेली साखळी फेकू नका. पुढच्या वेळी नव्वद हजारांना टेन्शनरचे माप घेऊन ते आजच्याशी ताडून पाहू.